गिरणीच्या दारातला नमस्कार

आमच्या घरात माझ्या शौर्याचा विषय निघाला की बायको पदर तोंडाला लावते. मुलांना सगळं पाठ आहे, तरी सांगतो.

संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीचे दिवस. मुंबई महाराष्ट्रात यावी असं आम्हालाही वाटत होतंच. घोषणा देऊन माझाही घसा बसला होता. पण दुकानं फुटायला लागली, तसा घाटकोपरच्या आमच्या चाळीतल्या गुजराती शेजाऱ्यांचा, भाईंचा, चेहरा उतरला. तळमजल्यावर त्यांची पिठाची गिरण. अख्ख्या चाळीचं दळण तिथंच. आम्ही पाच कारकून जिन्याखाली जमलो आणि मी छाती काढून म्हणालो, "भाई, तुम्ही आत बसा. आम्ही आहोत ना!"

ऑफिसं बंदच होती. सकाळचा चहा घेऊन आम्ही गिरणीपुढे उभे राहिलो. शस्त्रं म्हणजे दोन स्टंप, एक छत्री आणि कपडे वाळत घालायची काठी. पाचवा मात्र हात हलवतच आला होता. "मी ओरडेन," म्हणाला.

अकराच्या सुमारास जमाव आला. तीस-चाळीस जण, आणि सर्वांत पुढे हातात सळई घेतलेले माझे सख्खे थोरले मामा, भांडुपचे!

"मेल्या, तू हंय काय करतंस?"

काय करतोय ते सांगायला हवं होतं. त्याऐवजी मी स्टंप काखेत मारला आणि वाकून नमस्कार केला. मामा दिसले की वाकायचं, एवढंच अंगात मुरलेलं. त्यांनीही सवयीनं सळई डाव्या हातात घेतली, उजवा माझ्या डोक्यावर ठेवला. माझे पाहुणे आले असं समजून बाकीचे चौघे अदबीनं बाजूला झाले.

मी सरळ उभा राहीपर्यंत गिरणीचं दार पडलं होतं.

"मामा, नको हो, आपलीच माणसं आहेत!" मी म्हणत राहिलो. मामाही गडबडून "अरे थांबा रे" म्हणाले. कोण थांबतंय? पट्टा कापला, दगड फुटला, बाहेर पिठाचा लोट आला. ओरडणारा ओरडला की नाही, आठवत नाही.

दुपारी भाई बायकोला आणि एका वळकटीला घेऊन निघाले. जाताना आमच्या दारात थांबले. हातात गिरणीत राहिलेला आमचा दळणाचा डबा, पोचे पडलेला.

"वहिनी, अर्धंच झालं. जरा जाडं आहे, चाळून घ्या," ते माझ्या बायकोला म्हणाले.

'भाई, जाऊ नका' असं मला म्हणायचं होतं. पण कशाच्या जोरावर? स्टंप अजून माझ्या काखेतच होता.