आईनं देवी उचलली तो दिवस

धारूरच्या घाटाखाली, गावाच्या गायरानावर आमची चार घरं आहेत. आम्ही फासेपारधी. आजोबांनी दगडगोटे वेचून तिथं रान केलं, पण सातबाऱ्यावर नाव सरकारचंच. पीक उभं राहिलं की गावातलं कुणीतरी येऊन दम द्यायचं. त्या वर्षी गायरान सौर कंपनीला द्यायची बोलणी सुरू झाली आणि दम वाढला.

मी परळीला नर्सिंग शिकत होते. संक्रांतीला घरी आले होते. बाप आणि चुलता तहसीलला गेले होते. बाकीची दोन घरं ऊसतोडीला गेलेली. घरी आई, काकू आणि मी. हे बघूनच ते आले असावेत. दुपारी ट्रॅक्टर थेट हुरड्यात आलेल्या ज्वारीत घुसला. मागून गावातली माणसं, हातात काठ्या.

"निघा इथून! गायरान गावाचं हाय," पुढचा ओरडला. लहानपणी त्याच्या शेतात मी कापूस वेचला होता.

मी मोबाइल काढला, पण पोलिसांना फोन लावायला बोट धजेना. पोलीस आले की आधी आमचेच पुरुष धरतात, हे मी जन्मापासून बघत आले होते. तेवढ्यात काकूच्या खोपटाचं छप्पर पेटलं. कुणी पेटवलं ते दिसलं नाही. वारा आमच्या घराकडं होता.

घरात देवी होती. लाल कापडात बांधलेला चांदीचा टाक, पिढ्यान् पिढ्या सांभाळलेला. आमच्यात बाईनं तिला शिवायचं नाही. शिवलं तर घराचा नाश होतो, असं आईनंच मला शिकवलं होतं.

आई दारात थिजली. आग बघून ती इतकी घाबरली नव्हती.

"मी आणते," मी म्हणाले.

"नको! तुझं अजून सगळं व्हायचं हाय." ती आमच्या भाषेत बोलली, इथं मराठीत लिहिते आहे. मग डोक्यावर पदर घेऊन ती आत शिरली.

बाहेर आली तेव्हा गाठोडं छातीशी होतं, डोळे मिटलेले. ती ज्वारीतून तशीच चालत निघाली. ट्रॅक्टर समोरून येत होता. मी किंचाळले. ड्रायव्हरनं करकचून ब्रेक मारला. तो चकलांब्याकडचा, भाड्यानं आलेला माणूस. खाली उतरला आणि लाल गाठोडं बघून म्हणाला, "तिच्याजवळ देव हाय. मी न्हाई चालवणार. तुमचं तुमी बघा."

बाकीचे त्याला शिव्या देत राहिले, पण ट्रॅक्टर चालवायला कुणी पुढं झालं नाही. "पुन्हा येतो," म्हणून निघून गेले. आमचं छप्पर अर्धं जळालं. निम्मी ज्वारी वाचली.

बाप परतला तेव्हा आई गाठोडं मांडीवर घेऊन उघड्यावर बसली होती. "शिवले मी. आता काय करायचं ते कर." बापानं हात पुढं केला, मागं घेतला.

पुढं आमच्या जातीचे पंच बसले. बराच वाद झाला. शेवटी देवीला बकरं द्यावं आणि आईला काही बोलू नये, असं ठरलं. आईच्या मनातून मात्र ते गेलं नाही. काकूच्या मुलाला ताप आला तरी ती म्हणायची, "माझ्यामुळंच." मी रक्ताचा रिपोर्ट दाखवला, टायफॉइड आहे म्हणून सांगितलं. तिनं मान हलवली, पण पटलं नव्हतं.

पोलिसात तक्रार झाली, केस चालू आहे. जमीन अजून नावावर नाही. गायरानाच्या पलीकडच्या कडेला सौर कंपनीचे लोखंडी खांब उभे राहिलेत. आम्ही यंदाही पेरलं.

उन्हाळ्यात घरी गेले तेव्हा बापानं मला जवळ बसवलं आणि आमच्या भाषेतली देवीची गाणी म्हणून दाखवली. ती फक्त पुरुषांनी म्हणायची असतात. मी विचारलं, "मला कावून?"

"फुडच्या खेपेला घरात कोण असंल, सांगता येत न्हाई," तो म्हणाला.

हॉस्टेलवर मी ती ओठातल्या ओठात म्हणते. शेजारच्या मुलीला ऐकू गेलं आणि तिनं विचारलं, ही कुठली भाषा, तर काय सांगायचं ते अजून मला ठरवता आलेलं नाही.