बावन्नाव्या दिवशीची कोंबडी

मागच्या कार्तिकातला रविवार, आमच्या गावच्या मंडईचा दिवस. भाजीचा खर्च एक हजार दोनशे सत्तर रुपये. त्यात कोंबडी तीन किलो, सहाशे साठची. जेवायला अकरा माणसं. घरची चार, म्हणजे आई, मी, बायको आणि कॉलेजात शिकणारी मुलगी; एकोडीहून बायकोचा मोठा भाऊ, त्याची बायको आणि दोन मुलं; आसगावहून माझी बहीण, जावई आणि त्यांची लेक.

दिवाळी झाली की आमच्याकडे एकेका गावाची मंडई ठरते. त्या दिवशी दुपारी दंडार, म्हणजे ढोलावरचा नाच-नाटकाचा खेळ, नाचते, मैदानात दुकानं लागतात आणि घरोघरी पाहुणे येतात. पाहुण्यांना काय वाढायचं याची चर्चा कधी होत नाही. भात आणि कोंबडीची नाहीतर मटनाची तिखट भाजी. ही भाजी घरामागच्या सांदवाडीत, म्हणजे परसात, तीन विटांच्या चुलीवर पुरुषांनी करायची. मी ती तीस वर्षांपासून करतो, शेतावर आणि घरी, आणि माझ्या हातची भाजी कोणी टाकून दिलेली नाही. या वेळी मात्र मी तिच्यात सफरचंद आणि संत्री घालायचं ठरवलं होतं.

त्याचं कारण बायको. दोन वर्षांपासून तिच्या अंगावर गांधी उठायच्या. संध्याकाळी पाठ, मांड्या, कधी ओठसुद्धा सुजायचे. गोळी घेतली की बसायच्या, सोडली की पुन्हा. शेवटी भंडाऱ्याच्या एका डॉक्टरीणबाईंनी सांगितलं की साठ दिवस धान्य, डाळी, दूध, साखर, शेंगदाणे आणि पुड्यातलं सगळं बंद. मांस, मासे, अंडी, भाजीपाला, फळं खायची. साठ दिवस अंग स्वच्छ राहिलं तर मग एकेक पदार्थ तीन-तीन दिवस खाऊन बघायचा आणि दोषी कोण ते शोधायचं. मध्ये एकदा जरी धान्य पोटात गेलं तर मोजणी पुन्हा एकपासून. मुलीने मोबाईलवर पाहून सांगितलं की याला पॅलिओ म्हणतात, शेती सुरू व्हायच्या आधी माणसं जे खात होती ते. आई म्हणाली, "मले कायले सांगता, मी शेतीनंतरची आहो."

मी राईस मिलच्या काट्यावर वीस वर्षं आहे. धानाच्या गाड्या मोजतो. तेव्हा दिवस मोजायचं काम माझ्याकडे आलं. कॅलेंडरवर रोज एक आकडा लिहायचा. बायको मात्र आकड्यांनी नाही, दुसऱ्याच गोष्टीने थकली होती. भात सुटल्याचं तिने कधी म्हटलं नाही. गोड सुटलं याचं म्हणायची, आणि एकटं जेवावं लागतं याचं. आमचं ताट वाढायच्या आधी, बाराच्या सुमारास, ती स्वयंपाकघरात पाटावर बसून अंडी नाहीतर उकडलेली भाजी खाऊन घ्यायची. पंचेचाळिसाव्या दिवशी म्हणाली की मंडईच्या दिवशी दादा-वहिनी येतील, त्यांच्यासमोर मी काय स्वयंपाकघरात लपून अंडी खाऊ, त्यापेक्षा त्या दिवशी मी भात खाते आणि पुन्हा एकपासून सुरू करते. ते ती मनापासून म्हणत होती. पुन्हा साठ दिवस तिच्याने होणार नाहीत हे आम्हा दोघांनाही ठाऊक होतं.

म्हणून मी ठरवलं की पंगतीला एकच भाजी होईल, तिलाही चालणारी, आणि तिच्यात गोडही असेल.

आंधळगावच्या बाजारातून फळं आणून मी दोन चाचण्या घेतल्या, प्रत्येकी अर्धा किलो कोंबडीच्या. पहिल्यांदा पपई घातली. मांस इतकं मऊ झालं की हाडं वेगळी आणि दोरे वेगळे. कच्ची पपई मांस विरघळवते हे मला माहीत होतं, अर्धवट पिकलेलीही तेच करते हे नव्हतं. दुसऱ्यांदा सफरचंद आणि संत्री घेतली. सफरचंद छान झालं, पण संत्र्याचा रस सुरुवातीलाच टाकल्याने भाजी कडवट झाली. त्यावरून प्रमाण ठरलं: किलोला एक मोठं सफरचंद, फोडी शेवटची दहा मिनिटं, दीड संत्र्याचा रस, बिया आणि साली काढून, जाळ ओढून घेतल्यावर, मूठभर मनुका अध्येमध्ये केव्हाही. तिखट नेहमीपेक्षा कमी करायचं नाही, नाहीतर भाजीचा शिरा होतो.

तेल खोबऱ्याचं, खायचं. आमच्या गावात खोबरेल डोक्याला लावतात. मंडईच्या दिवशी सकाळी अकराला गंजात तेल तापलं आणि वहिनी घरातून पदर नाकाला लावून सांदवाडीत आल्या.

"कोणाची वेणी घालून राहिले, भाऊजी?"

त्यांच्या मागोमाग साळा आला. त्याने कोपरात, म्हणजे लहान परातीत, चिरलेली सफरचंदं पाहिली, सोललेली संत्री पाहिली, आणि विचारलं की ही कोंबडी एकादशीची आहे का. मी म्हटलं, तुम्हाला नको असेल तर भात आणि लोणचं आहे. तो चुलीजवळच बसला. कांदा लाल झाला, आलं-लसूण, भाजलेलं खोबरं, धने, लाल मिरची पडली, कोंबडी परतली गेली, तेव्हा तेलाचा वास मागे हटला आणि त्याची थट्टाही. वरून दोन नारळांचं दूध घातलं. बायको दोनदा येऊन पाहून गेली. सकाळीच तिने पंगतीसाठी पत्रावळी मोजून ठेवल्या होत्या, अकरा. इतक्या दिवसांनी पहिल्यांदाच त्यांत तिची होती.

शेजारच्या चुलीवर पाहुण्यांसाठी भात होता. आमच्याकडे मोठा भात भरपूर पाण्यात शिजवून पसवतात, आणि निथळलेली पांढरी पेज खाली घमेल्यात धरतात. एक वाजता भात पसवून झाला. त्याच वेळी माझा रस्सा आटला. मांसावर थंड पाणी ओतलं की ते ताठरतं, म्हणून मी तिसऱ्या चुलीवर गुंडात आधण मुद्दाम ठेवलं होतं. साळ्याशी बोलता बोलता मी पाणी ओतायचा मग उचलला, बुडवला, ओतला. तीन वेळा. मग सफरचंदं टाकली, दहा मिनिटांनी जाळ ओढला, रस पिळला. चव घेतली. आधी मीठ आणि तिखट, मग मागून गोड. रस्सा चाचणीपेक्षा दाट आणि चांगला वाटला. साळ्याने दोनदा चाखला आणि तिसऱ्यांदा मागितला.

दीड वाजता आई घमेलं घ्यायला आली. पेज ती गोऱ्ह्याला पाजते.

"बाबू, पेज कोणं काढली? अर्धीच आहे."

मी आधणाच्या गुंडाकडे पाहिलं. तो काठोकाठ भरलेला होता.

तीस वर्षं शेतावर रस्सा आटला की मी पेजच टाकत आलो. दाटपणा त्यानेच येतो. हात आपला आपण तिकडे गेला होता. ग्रॅमवर सफरचंद मोजणाऱ्या माणसाने तीन मग तांदळाची पेज गंजात ओतली होती, आणि हे माझ्याशिवाय कोणाला माहीत नव्हतं. आईलाही नाही, तिला वाटलं सांडली. मी गणित केलं. गंजात साधारण सात लिटर, पेज दीड लिटर, तिच्या वाटीत येईल दोन-तीन चमचे पेज, म्हणजे भाताची पाच-सात शितं. कोणी म्हणेल, त्याने काय होतं. पण रात्री गांधी उठली असती तर ती सफरचंदाने की नारळाने की तांदळाने हे आम्हाला कधी कळलं नसतं. आणि उठली नसती, तर मी कॅलेंडरवर बावन्न लिहिले असते आणि तो आकडा खोटा असता.

मी आत गेलो. ती पत्रावळी मांडत होती.

"भाजीत पेज पडली. माझ्याच हातानं."

तिने हातातली पत्रावळ मांडली आणि विचारलं,

"किती टाकली जी?"

"तीन मग."

ती चिडली नाही. चिडली असती तर बरं झालं असतं. तिने आपली पत्रावळ उचलून गठ्ठ्यावर परत ठेवली आणि म्हणाली, "तुमी बसा समदे. मी अंडे उकडून घेतो."

हे साळ्याने दारातून ऐकलं. त्याने मला काय झालं ते विचारलं, मी सांगितलं. आता मला चांगलंच ऐकावं लागणार असं वाटलं. तो उलट ओसरीवर जाऊन भिंतीला टेकून बसला आणि पोरांनाही बसवलं.

"आमची बाई बसल्याबिगर आमी नाही जेवत. जा भाऊजी, दुसरी आणा."

दुसरी आणायची कुठून, मंडईच्या दिवशी दुकानातली कोंबडी बाराच्या आतच संपते. मी शेजारच्या काकूंकडे गेलो. त्यांच्याकडे एक तलंग होती, अजून अंड्यावर न आलेली, सव्वा किलोची. ती त्यांनी संध्याकाळी येणाऱ्या जावयासाठी ठेवली होती. सगळं सांगावं लागलं, पेजेसकट. काकू हसल्या, बराच वेळ. मग म्हणाल्या की घेऊन जा, पण तुमच्या त्या फळाच्या भाजीचा डबा माझ्या जावयाले पाहिजे, त्याले पेजेचं काही वावडं नाही.

साळ्याने तलंग साफ केली, वहिनींनी खोबरं वाटलं. या वेळी चूल नाही, गॅस आणि कुकर, आणि भाताच्या जवळपास मी नाही. एक सफरचंद आणि दोन संत्री उरली होती. मुलगी कुकरच्या शेजारी उभी राहून मी उचललेली प्रत्येक वस्तू मोठ्याने सांगत होती: पाणी, मीठ, पुन्हा पाणी. वहिनी म्हणाल्या, काट्यावरसुद्धा आता एक माणूस ठेवा यांच्यावर नजर ठेवाले. पोरांना भूक लागली होती, त्यांना मनुका देऊन गप्प केलं. तीनला दंडारीचा ढोल वाजायला लागला तेव्हा जावयांनी एकदा रस्त्याकडे पाहिलं, पण कोणी उठलं नाही.

तीन वाजून दहा मिनिटांनी अकरा पत्रावळी मांडल्या. दहांवर मोठ्या गंजातली भाजी आणि भात, एकीवर कुकरमधली भाजी आणि भाजलेलं रताळं. बायको वहिनी आणि माझ्या आईच्या मध्ये बसली. पहिला घास खाऊन तिने मनुका शोधून काढली, ती चावली, आणि मग बराच वेळ खाली मान घालून जेवत राहिली. वहिनींनी तिच्या वाटीत बोट बुडवून चव पाहिली आणि जाहीर केलं की हिची जास्त चांगली झाली, आमाले पेजवाली देऊन फसवलं. तेवढ्यावर सगळेच तिच्या वाटीत बोट घालू लागले, तेव्हा तिने वाटी उचलून मांडीवर घेतली. आई म्हणाली, भाजी बरी आहे, पण पुढच्या वर्षी फळं वेगळी ठेव.

त्या संध्याकाळी आम्ही दंडारीचा शेवटचा भाग पाहिला. रात्री गांधी उठली नाही. मी कॅलेंडरवर बावन्न लिहिले.

साठ पूर्ण झाल्यावर एकसष्टाव्या दिवशी पहिला परत दिला तो तांदूळ, तिच्याच आग्रहाने. तीन दिवस काही नाही. दोषी पुढे गहू निघाला. धान पिकवणाऱ्या घरात याहून चांगली बातमी नाही. ती म्हणाली की म्हणजे त्या दिवशीची पेज खाल्ली असती तरी चाललं असतं. मी म्हटलं, हो, पण त्या दिवशी ते माहीत नव्हतं. तिने मान हलवली आणि आणखी एकदा भात वाढून घेतला.

तलंगीचे काकूंनी चारशे सांगितले होते. मी घासाघीस केली नाही. माझ्याकडे पाचशेची नोट होती, त्यांच्याकडे सुटे नव्हते. मंडईच्या दुसऱ्या दिवशी, सोमवारी सकाळी, त्यांनी शंभर रुपयांऐवजी आठ गावरान अंडी पाठवली आणि जावयाने डबा पुसून खाल्ल्याचं सांगितलं. अंडं बारा रुपयांना धरलं तर शहाण्णव होतात. चार रुपयांचं मी काही बोललो नाही. म्हणजे शेवटी तलंगीचे गेले चारशे चार रुपये, शेजारच्या काकूंना.