माहितीपत्रकातलं माझं वाक्य

जवाहरनगरच्या फॅक्टरीच्या गेटवर आम्ही नागपूरच्या गाडीची वाट पाहत होतो, तेव्हा सकाळच्या शिफ्टच्या बसेस आत शिरत होत्या. खिडक्यांतून बाबांचे सोबती ओरडत होते, "चालली का जी पोरगी?" बाबा मान हलवत होते. मोठी बॅग त्यांनी आईकडे दिली होती. व्हायोलिनची पेटी मात्र स्वतः दोन्ही हातांनी छातीशी धरली होती. "पोहोचली का फोन करजो," एवढंच म्हणाले.

बाबा फॅक्टरीत फिटर आहेत. शेजारच्या कारधा गावातल्या भजनी मंडळात ते व्हायोलिन वाजवतात, मांडी घालून, टोक पायाच्या घोट्यावर टेकवून. सहाव्या वर्षी त्यांनी मलाही तसंच बसवलं. शाळेतल्या सिस्टर पियानो शिकवायच्या. त्यांच्याकडे मी फक्त नोटेशन वाचायला शिकले. पुढे नागपूरला खुर्चीवर बसून वाजवायची सवय केली आणि शिष्यवृत्तीवर डब्लिनला आले.

इथे कॉलेजात आम्हा चौघींचं क्वार्टेट जमलं. दोन व्हायोलिन, एक व्हायोला, एक सेलो. तिघी आयरिश, आणि दुसरं व्हायोलिन माझं. बाबा फोनवर विचारायचे, "काय म्हणते तुमची चांडाळ चौकडी?" सुरुवातीला लग्नांत वाजवलं, लोक जेवत असताना. मग गॅलवेपासून कॉर्कपर्यंत लायब्रऱ्या, चर्च, शाळांचे हॉल. तिसऱ्या वर्षी एक स्पर्धा जिंकलो आणि रेडिओवर मुलाखत झाली.

निवेदिकेने प्रत्येकीला पहिल्या गुरूबद्दल विचारलं. सेलोवाल्या ओर्लाने वडिलांचं नाव सांगितलं. ते ऑर्केस्ट्रात वाजवायचे. मग माझी पाळी. बाबांचं नाव घेतलं असतं तर मांडी, घोटा, भजन सगळंच सांगावं लागलं असतं. पहिल्या तालमीला मी सवयीने जमिनीवर बसून तारा लावल्या होत्या, आणि तिघी हसल्या होत्या. प्रेमाने, पण हसल्या होत्या. मी म्हणाले, "शाळेतल्या एका सिस्टरनी शिकवलं."

ते वाक्य नंतर आमच्या प्रत्येक माहितीपत्रकात छापलं गेलं. प्रूफं मीच तपासायचे. स्वल्पविराम दुरुस्त केले, वाक्य तसंच ठेवलं.

मुलाखतीनंतर बाबा फोनवर म्हणाले होते, "आवाज एकदम साफ येऊन राहिला होता." बाकीचं आईने मागच्या हिवाळ्यात, मी घरी गेले तेव्हा सांगितलं. त्या दिवशी समोरच्या घरातले मेश्राम काका मोबाइलवर लावलेली मुलाखत मुद्दाम ऐकायला आले होते. दोनदा त्यांनी चिडवलं, "काय जी, तुमचं नाव कवा येते?"

"थांब ना बे, येईल."

कार्यक्रम संपला. बाबा म्हणाले, "बराबर बोलली पोरगी. शाळेतच शिकली ना ते. मी त फक्त धराले शिकवलं."

त्याच सुट्टीत नव्या कार्यक्रमाचं प्रूफ आलं. मी वाक्य बदललं, बाबांचं नाव घातलं आणि फोन त्यांच्यापुढे धरला. चष्मा लावून त्यांनी दोनदा वाचलं. नावावर बोट ठेवलं, तर अक्षरं मोठी झाली. त्यांनी पटकन बोट काढलं.

"हे काढ," म्हणाले. "मेश्रामले मी सांगतलं, शाळेत शिकली म्हणून. आता मी खोटा पडीन ना."

मेश्राम काकांचं दार आमच्या दारापासून सहा पावलांवर. अनोळखी गावांत भरल्या हॉलपुढे बसणारी मी सुट्टीच्या उरलेल्या अकरा दिवसांत खरं सांगायला त्या दारात उभी राहू शकले नाही. जुनंच वाक्य पुन्हा छापून आलं.

बाहेर गेलेली माणसं घराबद्दल बोलताना जेवणाबद्दल बोलतात, बोलीबद्दल बोलतात. तुमच्यापैकी कुणाचं असं झालंय का, मला माहीत नाही. पण मला घर म्हटलं की आता बाबाच दिसतात, शेजाऱ्यापुढे माझं खोटं सांभाळत बसलेले.

मेश्राम काका, तुम्ही पेपरातलं सगळं वाचता, हेही वाचाल. बाबा तुमच्याशी खोटं बोलले ते माझ्यामुळे. मला व्हायोलिन त्यांनीच शिकवलं. तुम्हाला तोंडावर सांगायचं होतं. जमलं नाही.