शिवेपर्यंतचा खांदा

सहदेवाने शेती केली ती पोटापुरती. त्याचं नाव झालं ते डोलीमुळे. आंबेनळी घाटाच्या अंगावरच्या वाड्यांपर्यंत तेव्हा चाक म्हणून चढत नसे. लांब बांबूला घोंगडं झोळीसारखं बांधायचं, पुढे एक, मागे एक आणि बदलीला दोघे, असा आजारी माणूस खाली पोलादपूरला न्यायचा. खांदेकरी पुष्कळ होते, पण कसल्याही उतारावर डोली हिंदकळू न देणारा सहदेव एकटाच.

म्हणून हॉकिन्ससाहेबांना दुसरा कुणी चालत नसे. साहेब १९२९ साली अँग्लिकन मिशनचे तरुण पाद्री म्हणून महाडला आले. पोलादपुरात त्यांनी छोटा दवाखाना काढला, वाड्यावाड्यांतून पायी हिंडून जखमा धुतल्या, प्रवचनं दिली. लोकांनी मलम ठेवून घेतलं, प्रवचन सोडून दिलं. वीस वर्षांच्या खटपटीत त्या डोंगरातून एकच माणूस त्यांच्या धर्मात गेलं, आणि ती नेमकी सहदेवाची धाकटी बहीण ठकूबाई. विधवा होऊन माहेरी आलेली, दवाखान्यात झाडलोट करणारी. तिने बाप्तिस्मा घेतला. पुढे साहेब बिशप झाले आणि ठकूबाई वाळीत पडली.

गावकीने ठरवलं, तिला विस्तव नाही, पाणी नाही, तिच्याशी बोलणं नाही. जो तिला शिवेल तोही वाळीत. वाळीत टाकण्याविरुद्ध सरकारने पुढे कायदा केला म्हणे, पण तो काही घाट चढून वर आला नाही. सहदेवाने गावकीपुढे मान डोलावली. भित्रा नव्हता, चार लेकरांचा बाप होता. वर्षातून एकदा बिशपसाहेब मुंबईहून येत. सहदेव त्यांना रानाच्या कडेला, बहिणीच्या झोपडीपर्यंत डोलीतून नेई आणि आत प्रार्थना चाले तोवर झोपडीकडे पाठ करून विडी ओढत बसे. तेरा वर्षं हेच. मनातून त्याला लाज वाटे, पण लाजेने कुणाचं पोट भरत नाही.

१९६२च्या कार्तिकात साहेब शेवटचा निरोप घ्यायला आले. वय चौसष्ट, गुडघे गेलेले, महिन्याभरात बोटीने विलायतेला परतायचं. झोपडीत गेले ते तसेच बाहेर आले.

"सहदेव, तिचं आतडं अडकलं आहे. तीन दिवस पोटात पाणी ठरलेलं नाही. आज दिवस मावळायच्या आत महाडला शस्त्रक्रिया झाली नाही, तर ती वाचणार नाही. माझी डोली घ्या."

बदलीचे दोघे, सोनबा आणि भागोजी, एकमेकांकडे बघून उठले. "आमाला लेकरं हायत, साहेब," म्हणत वरच्या वाटेने घरी निघून गेले. उरला डोलीचा मागचा खांदेकरी मोरू. तो सडाफटिंग, त्याला कुणाची भीडमुर्वत नव्हती. तिसरा खांदा म्हणून साहेबांनी स्वतः बांबू उचलून पाहिला. दहा पावलांत गुडघा मुडपला आणि ते खाली बसले.

"मी इथेच थांबतो," ते म्हणाले. "तिला या वाटेला मीच आणलं. मला लोकांनी हार घातले, तिला काय मिळालं? पण तुला मी आज्ञा करणार नाही. तुझं घर आहे."

 सहदेवाची थोरली लेक तुळजा खालच्या वाडीच्या येसाजीच्या मुलाला दिलेली होती. सुपारी फुटली होती, लग्न पुढच्या महिन्यात. येसाजी त्या वाडीचा मुख्य माणूस. त्याच्या कानावर गेलं की लग्न मोडलंच, आणि वाळीत पडलेल्याच्या पोरीला दुसरं स्थळ कुठलं? इकडे आड, तिकडे विहीर. तेवढ्यात आत ठकूबाई कण्हली. सहदेव झोपडीत शिरला आणि तिला उचलून डोलीत ठेवलं. हाताला नुसती हाडं लागली. ती थरथरत होती, म्हणून साहेबांनी आपलं तांबडं ब्लँकेट तिच्या डोक्यावरून पांघरलं.

खाली जायची वाट येसाजीच्या वाडीतूनच. आणि त्या डोंगरात एक रीत होती. डोली ज्या वाडीच्या शिवेत शिरेल, त्या वाडीच्या माणसांनी पुढे होऊन खांदा द्यायचा आणि शीव संपेपर्यंत ती आपण न्यायची. घाईत सहदेवाला ही रीत आठवलीच नाही. येसाजी भाताची झोडणी टाकून धावत आला, मागे दोन गडी, तेव्हा त्याच्या लक्षात आलं.

साहेबांचं ते ब्लँकेट सगळ्या वाड्यांच्या ओळखीचं. "साहेबांस्नी बरं नाय काय? आनि तुमी दोघंच? सरा व्याही, घामानं निथळताव. आता खांदा आमचा." येसाजीने बांबूवर हात ठेवला.

"गप ऱ्हा," मोरू सहदेवाच्या कानाशी पुटपुटला. "झाकली मूठ सव्वा लाखाची."

खोटं नव्हतं त्याचं. तोंड मिटून ठेवलं की ताजे खांदे मिळत होते, बहीण वेळेत पोचत होती, लेकीचं लग्नही शाबूत. फक्त वाळीतल्या बाईला खांदा देऊन येसाजी नकळत गावकीचा ठराव मोडणार होता. सहदेव गप्पच राहिला. तेवढ्यात ब्लँकेटखालचं कण्हणं थांबलं. ठकूबाईने सगळं ऐकलं होतं आणि भावासाठी ती श्वास कोंडून पडली होती. ते मात्र सहदेवाला सोसवलं नाही.

"व्याही, हात काढा," तो म्हणाला. "साहेब वर हायत. डोलीत माझी भैन हाय. ठकू."

येसाजीचा हात चटका बसल्यागत मागे आला. गडी चार पावलं मागे सरले. ऊन कलत होतं, एकेक क्षण महाग होता.

"लगीन मोडलं," शेवटी येसाजी म्हणाला. "सुपारी परत धाडतो."

"धाडा."

"आनि डोली आमच्या शिवेत हाय." त्याने मुंडासं सोडलं, घडी करून खांद्यावर ठेवली. "रीत ती रीत. शिवेपर्यंत खांदा माझा."

गडी आले नाहीत. येसाजी पुढे, मोरू मागे, अशी डोली चालली. वाडीतल्या बायका दारं लावून घेत होत्या. शिवेवर येसाजीने बांबू हलकेच सहदेवाच्या खांद्यावर दिला आणि मागे न बघता आंघोळीला नदीकडे निघून गेला.

"दादा, पोरीचं लगीन मोडलंस रे," डोलीतून ठकूबाई म्हणाली. सहदेवाला रडू फुटलं, पण पाऊल त्याने चुकू दिलं नाही.

पोलादपूरला मोटार मिळाली, महाडला वेळेत पोट उघडलं, ठकूबाई वाचली. साहेबांना चौथ्या दिवशी मोरूने आणि पोलादपूरच्या तिघांनी खाली आणलं. ते विलायतेला गेले आणि दर नाताळात पत्र धाडत राहिले. सहदेवाचं घर वाळीत पडलं. तुळजाला पुढे सात वर्षं स्थळ आलं नाही. तिने बापाला एका शब्दानेही बोल लावला नाही. लावला असता तर सहदेवाला रात्री झोप तरी लागली असती.