मरोळची बोट

मरोळला मिठी नदीच्या पुलाशेजारी बचाव पथकाची चौकी आहे. सुरुवातीला तिथे कोळीवाड्यातून मागून आणलेली लाकडी होडी होती, आता इंजिनाची रबरी बोट आहे. ती चालवणाऱ्या बाई भर उन्हाळ्यातही रोज इंजिन सुरू करून बघतात. कुणी हसलं तर म्हणतात, "हस रे, तुलाच न्यायला येईन एक दिवस."

गेल्या पुरात आमच्या गल्लीतल्या एक आजी छपरावर अडकल्या. बोट आली, पण शेळीला सोडून त्या उतरेनात. पाणी चढत होतं.

बाईंनी हात पसरले. "आजी, आधी शेळी दे. मग तू ये."

शेळीपाठोपाठ आजीही उतरल्या. पुलावरच्या गर्दीने टाळ्या वाजवल्या.

"अजून कोण राहिलंय?" एवढंच विचारून बाईंनी बोट पुन्हा गल्लीत घातली. संध्याकाळी आमची अख्खी गल्ली काठावर सुखरूप होती, शेळीसकट.