हंगामभराची शिक्षा

प्रवासात अनोळखी माणसाचा चहा मी घेत नाही. पण श्रीरामपूरहून कोपरगावला जाणाऱ्या एसटीत शेजारी बसलेल्या म्हाताऱ्यानं नाही म्हणायला वेळच दिला नाही. बसल्या बसल्या त्यानं थर्मास काढला आणि कागदी पेले भरून मला, पुढच्या-मागच्यांना, अगदी कंडक्टरलाही दिले. स्वतःला सगळ्यात शेवटी, अर्धाच पेला.

माझ्या मांडीवरचं जाडजूड पुस्तक कसलं, असं त्यानं विचारलं.

"कम्युनिस्ट रशियातल्या गुन्ह्यांवर आहे. पीएचडी करतोय. तिथं किरकोळ चोरी केली, की कारखान्यातले सोबतीच जमून शिक्षा द्यायचे. चारचौघांत असं उभं करणं मला तर क्रूर वाटतं."

म्हातारा खुशीत हसला. "आमच्या साखर कारखान्यात लाल बावट्याची युनियन हुती. रशियाचं ऐकून आमीबी तसंच केलं. जेवनाच्या डब्यातनं साखर नेताना एकजन घावला. त्याला पोलिसात न्हाई दिला, समद्यांम्होरं उभा केला. हंगामभर त्यानं समद्यांना चहा वाटायचा आन् आपुन शेवटी प्यायचा, ही शिक्षा."

"लाजेनं मेला असेल बिचारा."

"पैल्यांदा लई लाज वाटली. पर नोकरी ऱ्हायली, पोरं शिकली. हंगाम सरल्यावर समदे म्हनले, आता बस कर. पर मला काय ते जमलं न्हाई."

मी हातातल्या पेल्याकडे पाहत राहिलो. तेवढ्यात त्यानं थर्मास पुन्हा माझ्याकडे वाकवला.

"घ्या अजून. माझं व्हईल शेवटी."