व्यवसाय : शेती

"गाठ आहे हे नक्की," डॉक्टर म्हणाले. "पण कसली आहे ते सुईने कळत नाही. काढल्यावरच कळेल."

जून महिना होता. नागपूरच्या एका मोठ्या रुग्णालयात सकाळी साडेआठला नंबर लावला होता, आत बोलावलं दीड वाजता. बायको सोबत होती. अहवालावर लिहिलं होतं: फॉलिक्युलर निओप्लाझम. डॉक्टरांनी समजावून सांगितलं. गळ्यात पुढच्या बाजूला थायरॉइड नावाची ग्रंथी असते, तिच्या उजव्या भागात ३.८ सेंटीमीटरची गाठ वाढली आहे. अशा गाठी बहुधा साध्या निघतात, काही कर्करोगाच्या निघतात. बारीक सुईने काढलेल्या पेशींवरून तो फरक सांगता येत नाही. म्हणून ग्रंथीचा अर्धा भाग काढायचा. या शस्त्रक्रियेला हेमिथायरॉइडेक्टॉमी म्हणतात.

हे सगळं मी लिहितो आहे ते गाठीसाठी नाही. गाठ सुखरूप निघाली. त्या दिवशी मी डॉक्टरांच्या एका प्रश्नाला जे उत्तर दिलं, त्यासाठी लिहितो आहे. उत्तर खरं होतं आणि तरी चुकलं.

मी लाखनीजवळच्या गावचा. वय एक्कावन्न. साडेपाच एकरांत धान घेतो. त्याशिवाय दिवाळीपासून होळीपर्यंत झाडीपट्टीच्या, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भाच्या, नाटकांत गातो आणि काम करतो. आठव्या वर्षी पहिल्यांदा उभा राहिलो, राजाच्या लहान मुलाचं काम होतं, दोन गाणी होती. गाताना पायातला एक जोडा निसटला तर मी गाणं थांबवलं नाही, एका पायावर उभा राहून पुरं केलं, असं आई सांगत असे. तेव्हापासून एकेचाळीस सिझन झाले. महामारीत दोन वर्षं नाटकं बंद होती, ती यात धरलेली नाहीत. प्रयोगांची वही आहे माझ्याकडे. एक हजार नऊशे बारा.

गाठ पहिल्यांदा दिसली ती मलाही नाही आणि बायकोलाही नाही. आमच्या नाटक मंडळाच्या मेकअपवाल्याला दिसली. फेब्रुवारीत अंगरख्याची गळ्याची गुंडी लागेना, तेव्हा तो म्हणाला, "दादा, गळा फुगून राहिला तुमचा. मंडळाचं जेवण मानवून राहिलं वाटते."

"तुझ्या रंगाचे थर चढले असन," मी म्हटलं. सगळे हसले. गुंडी सैल करून घेतली आणि उरलेले प्रयोग केले. दुखत नव्हतं, आवाजही ठीक होता. त्या दिवसापासून भंडाऱ्याच्या डॉक्टरांना गळा दाखवेपर्यंत मी चौऱ्याहत्तर दिवस घालवले. तिथे सोनोग्राफी झाली, सुईची तपासणी झाली आणि त्यांनी नागपूरला पाठवलं.

आता तो प्रश्न. केसपेपरचा फॉर्म मी स्वतः भरला होता. व्यवसायाच्या रकान्यात लिहिलं: शेती. डॉक्टरांनी तो वाचला आणि म्हणाले, "या ग्रंथीच्या मागून आवाजाच्या नसा जातात. आम्ही त्या जपतोच. पण क्वचित आवाजात फरक पडतो. तुमचं आवाजावर अवलंबून असलेलं काही काम आहे का? शिक्षक, कीर्तनकार, असं काही?"

"नाही," मी म्हटलं. "शेती आहे."

बायकोने माझ्या कोपराला हात लावला. "सांगा ना त्यायले, तुमी नाटकात गाता म्हणून."

"ते काय काम होय? सिझन आहे तो," मी हळूच म्हटलं. "डॉक्टरसाहेबाचा वेळ कायले घेतेस?"

डॉक्टरांनी आमच्याकडे पाहिलं. मी हसून मान हलवली. त्यांनी पुढचा कागद काढला.

मी खोटं बोललो नव्हतो. वर्षातले सात महिने शेती आणि पाच महिने नाटक, म्हणून व्यवसाय शेती, असा माझा हिशोब होता. रेशन कार्डाच्या अर्जात तेच, पीक विम्यात तेच, मुलीच्या शाळेच्या दाखल्यात तेच. आमच्याकडे नाटकात काम करणाऱ्या कुणालाही विचारा, तो आधी एकर सांगेल. माझं लग्न ठरताना सासऱ्यांनी विचारलं होतं, "पोरगा नाटकात काम करते ते ठीक, पण काम कोणतं करते?" तेव्हापासून मी एकरच सांगत आलो.

ऑपरेशन जुलैच्या शेवटच्या आठवड्यात झालं. धानाची रोवणी आटोपली होती आणि दिवाळीला तीन महिने होते, म्हणून तारीख मीच तशी मागून घेतली. आत दोन तास चाळीस मिनिटं लागली. बायको बाहेर लोखंडी बाकावर बसली होती. शेजारी तुमसरकडची एक म्हातारी होती. तिने डब्यातली अर्धी भाकर बायकोला खायला लावली आणि म्हणाली, "उपाशी बसून तो लवकर बाहेर येते का वो बाई?" त्या म्हातारीचं नाव आम्ही विचारलं नाही, याचं वाईट वाटतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टर आले. म्हणाले, "नाव सांगा." मी नाव सांगितलं. आवाज थोडा बसका होता, पण माझाच होता. "छान," ते म्हणाले. चौथ्या दिवशी घरी आलो. अकराव्या दिवशी बायोप्सीचा अहवाल आला, म्हणजे काढलेल्या गाठीची पूर्ण तपासणी. कर्करोग नव्हता. बायकोने देवापुढे दिवा लावला आणि मी धानाच्या बांधीवर जाऊन आलो. त्या दिवसाइतका हलका दिवस मला दुसरा आठवत नाही.

तेविसाव्या दिवशी पेटी काढली. मी नेहमी काळी दोनमध्ये गातो. सा, रे, ग, म नीट लागले. पंचमाला जोर द्यावा लागला. धैवताला नुसती हवा आली. वरचा सा लावला, म्हणजे लावायला गेलो, तेव्हा काहीच आलं नाही. दुखलं नाही, खरखरलं नाही. विहिरीत दोर पुरा सोडावा आणि बादली पाण्याला लागूच नये, तसं झालं. बायको चुलीपाशी होती. तिने वळून पाहिलं नाही. मी पेटी बंद केली तेव्हा ती म्हणाली, "टाके ओले असतीन अजून."

टाके केव्हाच सुकले होते. ते तिलाही माहीत होतं.

पुढच्या आठवड्यात पुन्हा नागपूर. कान-नाक-घशाच्या डॉक्टर मॅडमनी लॅरिंगोस्कोपी केली. यात नाकातून बारीक नळी घालून स्वरपट्ट्या पडद्यावर बघतात. त्यांनी मला वर वर सूर न्यायला सांगितला. पडद्यावर दोन पांढऱ्या पट्ट्या हलताना मी पाहिल्या. त्याच त्या दोन पट्ट्या, ज्यांनी एकेचाळीस सिझन काढले. एका जागी आल्यावर त्या पुढे ताणल्याच जाईनात.

"तुम्ही गाता?" मॅडमनी विचारलं.

"हो."

"किती वर्षं?"

मी आकडा सांगितला. त्यांनी नळी काढली, हातमोजे काढले आणि केसपेपर उलटून पहिलं पान पाहिलं.

मग त्यांनी समजावलं. सुपीरियर लॅरिंजियल नर्व्ह नावाची नस आहे. तिची एक फांदी सुताइतकी बारीक असते आणि ग्रंथीच्या वरच्या टोकाला चिकटून जाते. तार पिळायला खुंटी असते तसं तिचं काम. उंच सुरासाठी ती स्वरपट्टी ताणते. तिला धक्का लागला तर बोलणं तसंच राहतं, वरचा सूर जातो. "शेतकऱ्याला हा फरक जन्मभर कळला नसता," त्या म्हणाल्या. टोमणा नव्हता, माहिती होती.

मी ऑपरेशन करणाऱ्या डॉक्टरांनाही भेटलो. भांडायला नाही, विचारायला. ते सरळ बोलले. "तुमची गाठ वरच्या टोकालाच होती. गायक आहात हे माहीत असतं तर आधी आवाजाची तपासणी करून घेतली असती, नर्व्ह मॉनिटर लावला असता. नस कुठे आहे ते हे यंत्र दाखवतं. कदाचित काही महिने सोनोग्राफीने गाठीवर लक्ष ठेवत थांबण्याचाही विचार केला असता. तरीही नस वाचलीच असती असं मी सांगू शकत नाही." मग ते म्हणाले, "पण मी विचारलं होतं, काका."

"विचारलं होतं," मी म्हटलं.

नस कधी कधी सहा महिन्यांत, वर्षात सुधारते, असं मॅडमनी सांगितलं. स्पीच थेरपी सुरू झाली, म्हणजे आवाजाचे व्यायाम. चौदा वेळा नागपूरला गेलो. घरी सकाळ-संध्याकाळ वीस-वीस मिनिटं. रोज लागलेला सर्वांत वरचा सूर वहीत लिहिला. चाळिसाव्या दिवशी पंचम साफ झाला. सत्तराव्या दिवशी धैवत, तोही कधी लागे, कधी नाही. त्यानंतर वहीत पानामागून पान धैवतच आहे.

दिवाळीच्या आधी तालीम लागली. मंडळाच्या संचालकांना आम्ही सगळे मामा म्हणतो. त्यांना खरं सांगितलं. ते म्हणाले, "एवढंच ना? पट्टी खाली घेऊ." पेटीवाल्याने काळी दोनवरून पांढरी एकवर आणलं. तिसऱ्या अंकातलं गाणं होतं. बाप मुलीला निरोप देतो, शेवटी वरचा सा धरून ठेवायचा, मग मुलीने खालून उचलायचं. मी कसाबसा वर पोचलो, पण तो सूर धरता येईना. मुलीचं काम करणारी थांबली आणि म्हणाली, "काका, माझा आवाज तर जमिनीले टेकून राहिला. आणखी खाली गेले तर खोदा लागन." सगळे हसले, मीही हसलो.

"मामा, दुसरा गायक पाहा," मी म्हटलं.

"एक सिझन पाहून घेऊ ना, दादा."

"नाही. त्या सुरासाठी लोक येतात. तो नसला तर ते गाणं नाही."

हे मी बोललो आणि तेव्हा कळलं की असं बोलणारा माणूस 'ते काम नाही, सिझन आहे' असं म्हणू शकत नाही. पण हे मला जूनमध्ये कळायला हवं होतं.

जे कुणी ऑपरेशनला जाणार असाल त्यांना एवढंच सांगतो. डॉक्टर विचारतील तेव्हा कागदावरचं सांगू नका. तुमचे हात, गळा, कान कशासाठी लागतात ते सांगा. भजनात टाळ वाजवत असाल तर तेही सांगा. सोबतचं माणूस कोपराला हात लावेल तर त्याला गप्प करू नका. बायकोने मला नंतर एकदाही "मी म्हटलं होतं" असं म्हटलेलं नाही. ऑपरेशन करणाऱ्या डॉक्टरांचा, मॅडमचा मी ऋणी आहे. गाठीची भीती त्यांनी घालवली. बाकी जे गेलं ते माझ्याकडून गेलं.

अड्याळच्या मंडईत मंडळाचा प्रयोग होता. दिवाळीनंतर आमच्या गावोगावी मंडई, म्हणजे जत्रा, भरते आणि रात्री नाटक असतंच. मामांनी दोन पास पाठवले. बायको म्हणाली, "जाऊ." शामियान्यात आम्ही सहाव्या रांगेत बसलो. आयुष्यात पहिल्यांदा मी नाटक समोरून पाहत होतो. रंगमंचावर उभं राहिलं की दिव्यांपलीकडे काळोख असतो, तिथे कोण कसं बसलं आहे ते कधी दिसत नाही.

तिसऱ्या अंकात ते गाणं आलं. नव्या गायकाने वरचा सा लावला आणि धरला. चांगला लावला. माझ्या शेजारचा माणूस तंबाखू मळत होता, त्याचा अंगठा तळहातावर तसाच थांबला. पुढे एक बाई मांडीवरच्या लेकराला थोपटत होती, तिचा हात हवेत राहिला. सबंध शामियाना थांबला. सूर सुटला तेव्हा अंगठा हलला, हात हलला, कुणीतरी खोकलं.

"दर वेळी असंच होते का?" मी बायकोला विचारलं.

"होते ना," ती रंगमंचाकडे बघतच म्हणाली. "तुमी गाता तवा तर जास्तच होते."

मग आपण काय बोललो ते तिला कळलं आणि तिने माझ्याकडे पाहिलं. "जायचं का घरी?"

"नाही," मी म्हटलं. "दोन अंक बाकी आहेत."